विधवेला नाव नव्हतं

बाबांना कुठल्याही सिनेमाची स्टोरी विचारली की ते आधी थेटर सांगायचे, मग तिकीट किती होतं ते, मग बरोबर कोण कोण होतं, आणि एवढ्यात आतून आईची जेवायची हाक यायची, त्यामुळे कुठलीच स्टोरी पूर्ण ऐकल्याचं मला आठवत नाही. अपवाद एकच, 'गन्स ऑफ नॅवरोन'. तो त्यांनी कॉलेजात असताना पुण्यात कॅम्पातल्या थेटरात बघितला होता आणि त्यातला एक सीन ते दरवेळी सांगायचेच. जर्मनांच्या दोन अवाढव्य तोफा उडवायला निघालेली एक टोळी, त्यात कोणीतरी फितूर, आणि शेवटी कळतं की फितूर आहे ती बिचारी मुकी पोरगी, जी मुळात मुकी नाहीच. आता तिला मारायचं कोणी? सगळे मर्द गडी खाली मान घालून उभे. ग्रेगरी पेक नाइलाजानं पिस्तूल हातात घेतो आणि तेवढ्यात गोळी सुटते, पण त्याच्या पिस्तुलातून नाही, त्या मुकीच्याच सोबतिणीनं मारलेली असते. "डोळ्यात टिपूस नाही गं त्या बाईच्या," बाबा म्हणायचे आणि मग गप्प व्हायचे. नाव काय तिचं? ते त्यांना माहिती नव्हतं. ग्रेगरी पेक माहिती, डेव्हिड निव्हन माहिती, अँथनी क्विन तर घरचाच. ती म्हणजे 'ती बाई'.

बाबा गेल्यावर एका रात्री झोप येईना म्हणून मी तो सिनेमा लॅपटॉपवर लावला. खरं सांगायचं तर तोफाबिफांत मला फार रस नाही, मी त्या सीनची वाट बघत होते. आणि तो आला तेव्हा लक्षात आलं की बाबांनी एक गोष्ट सांगितलीच नव्हती, ती म्हणजे तो चेहरा. जाड सरळ भुवया, लांब नाक, मोठं कपाळ, आणि असे डोळे की समोरच्यानं खोटं बोलायचा विचार केला तरी आधी कळावं. मग मी शोधलं, नाव सापडलं, आयरीन पापास. पुढचे दोनतीन महिने मी मिळेल तिथून मिळेल तो तिचा सिनेमा बघत सुटले, घरच्यांनी नाद सोडला माझा, आणि या सगळ्यातून डोक्यात जे काही जमा झालंय ते इथे ओततेय. जरा लांबेल.

(हो, आणि ज्या कादंबरीवरून तो सिनेमा काढला तिच्यात त्या मुकीच्या आणि तिच्या सोबतिणीच्या जागचे दोन्ही ग्रीक बंडखोर पुरुष आहेत. सिनेमावाल्यांनी त्यांच्या जागी बायका आणल्या, म्हणजे पडद्यावर कोणीतरी बाई दिसायला हवी म्हणून असणार, पण त्यामुळे बाबांचा तो सीन जन्माला आला, त्याबद्दल त्यांचे आभार.)

आधी नावाचंच घेऊ, कारण तिथेच मी अडकले. जग तिला आयरीन पापास म्हणतं. तिच्या गावात असं कोणी म्हणणार नाही. ग्रीकमध्ये तिचं नाव इरीनी पापा. तिकडे आडनावाला लिंग असतं, नवरा पापास असेल तर बायको पापा, म्हणजे अर्थानं 'पापासची'. तो शेवटचा स काढायचा असतो. पण हॉलिवूडला एवढं व्याकरण कोण सांगणार, त्यांनी पुरुषाचं आडनाव जसंच्या तसं तिला चिकटवलं. आणि तो पापास तरी कोण, तर आल्किस पापास, 1948 साली लग्न झालं, 1951 मध्ये घटस्फोट. तीन वर्षांचा संसार, आणि त्याचं आडनाव पुढे सत्तर वर्षं जगभरच्या पोस्टरांवर. माहेरची ती लेलेकू. आपल्याकडे तर ताटात तांदूळ पसरून अंगठीनं पहिलं नावसुद्धा बदलायची पद्धत, तेव्हा आपण ग्रीकांना काय नावं ठेवायची म्हणा. तरी मला ते टोचलंच. इरीनीचा अर्थ शांतता. चेहरा बघून कोणी ठेवलं नसणार.

गाव हिलिओमोदी, कॉरिंथजवळचं, शेताभातातलं. आईवडील शिक्षकी पेशातले, वडिलांना जुन्या नाटकांचं वेड. जन्माच्या सालाचा घोळ आहे, ती गेली तेव्हा काही पेपरांनी 93 वय छापलं आणि काहींनी 96. लहानपणीच घर अथेन्सला आलं, आणि पंधराव्या वर्षी वगैरे ती तिथल्या सरकारी नाट्यशाळेत. सालं लावून बघा, म्हणजे हे सगळं जर्मनांच्या ताब्यातल्या, उपासमारीच्या अथेन्सच्या आगेमागे, आणि त्यानंतर लगेच तिथलं यादवी युद्ध. नॅवरोनमधल्या त्या बंडखोर बाईचा रोल करताना तिला फार कल्पना लढवावी लागली नसेल.

पहिला सिनेमा 1948 चा. मग 'मृत नगरी' नावाचा एक ग्रीक सिनेमा 1952 मध्ये कान फेस्टिव्हलला गेला, तिथे लोकांचं तिच्याकडे लक्ष गेलं आणि इटलीनं तिला उचललं. इटलीत तेव्हा तलवारी-चिलखतांच्या सिनेमांचं पीक आलं होतं, त्यातच तिलाही घातलं, थिओडोरा राणीची गोष्ट, 'अटिला', ज्यात सोफिया लॉरेनही आहे. मी दोन्ही बघितले. नसते बघितले तरी चाललं असतं. 1956 मध्ये हॉलिवूडमध्ये जेम्स कॅग्नीबरोबर एक घोड्यांचा सिनेमा केला, त्यातही ती 'कुठूनतरी आलेली परदेशी बाई'. म्हणजे चेहरा सगळ्यांना हवा होता, पण त्याचं करायचं काय हे कोणाला कळत नव्हतं. मार्लन ब्रँडोवर तिचं जे प्रेम होतं तेही याच काळातलं, 1954 पासूनचं, आणि ते तिनं तो गेल्यावर, 2004 मध्ये, एका इटालियन पेपरला सांगितलं. पन्नास वर्षं पोटात ठेवलं. आजकाल लोक पन्नास मिनिटं ठेवत नाहीत.

आता 'झोर्बा द ग्रीक'. 1964.

हा सिनेमा ज्यांनी बघितला नसेल त्यांनीसुद्धा त्याची धून ऐकलेली असते, ती हळूहळू सुरू होऊन वेग घेणारी, मिकिस थिओडोराकिसची. समुद्रकिनाऱ्यावर हात पसरून नाचणारा अँथनी क्विन. तो नाच, सिर्ताकी, ग्रीसचा पुरातन लोकनाच म्हणून आज टुरिस्टांना दाखवतात, पण तो या सिनेमासाठी बसवलेला नाच आहे, जुन्या नाचांचे तुकडे जोडून. आणि ज्याला जग अस्सल ग्रीक म्हणून ओळखतं तो क्विन मेक्सिकोत जन्मलेला. असो, त्याच्याबद्दल तक्रार नाही, माणूस ग्रेट आहे. पण याच सिनेमात खरी ग्रीक बाई आहे आणि तिला बोलायला जेमतेम काही वाक्यं आहेत, आणि नाव तर नाहीच. श्रेयनामावलीत ती फक्त 'विधवा'.

क्रीटमधलं एक गाव. काळे कपडे घातलेली तरुण विधवा, एकटी राहते, अख्ख्या गावातल्या पुरुषांचा तिच्यावर डोळा आणि ती कोणालाच भीक घालत नाही, त्यामुळे सगळ्यांचा तिच्यावर राग. एक सीन आहे, धो धो पाऊस, तिची शेळी गावातल्या कॉफीच्या दुकानात पुरुषांनी मुद्दाम दडवून ठेवलेली, आणि ती शेळी मागायला भिजत त्या दारात उभी. आत सगळे हसतायत. ती काही बोलत नाही, एकेकाकडे बघते. बस. अभिनय शिकवणाऱ्या शाळांनी तो अर्धा मिनिट मुलांना रोज दाखवावा असं माझं मत आहे. एक इंग्रज लेखक आलेला असतो गावात, तो तिला आपली छत्री देतो. पुढे एका रात्री तो तिच्या घरी जातो. गावाला कळतं, तिच्यापायी झुरणारा एक पोरगा समुद्रात जीव देतो, आणि मग चर्चच्या दारात गाव तिला घेरतं, दगड मारतं, आणि त्या पोराचा बाप सुरीनं तिचा गळा चिरतो. दिवसाढवळ्या. कोणालाही काहीही होत नाही. गोष्ट पुढे सरकते.

मी तो सीन बघून सिनेमा थांबवला आणि स्वयंपाकघरात जाऊन उगाचच ओटा पुसला. आमच्या गावच्या घरात एक आत्याआजी होत्या, लहानपणीच विधवा झालेल्या, सगळे त्यांना माई म्हणायचे, मीसुद्धा. त्या गेल्यावर माळ्यावरचा एक पितळी डबा खाली काढला तर त्यावर एक नाव कोरलेलं, आणि आम्ही सगळे एकमेकांना विचारतोय की ही कोण, आपल्याकडे या नावाचं कोण होतं. तर त्या माई होत्या. साठ वर्षं त्या घरात राहिलेल्या बाईचं नाव घरातल्या एकालाही माहिती नव्हतं. त्यांना कोणी दगड मारले नाहीत, उलट मान होता, हळदीकुंकवाला सोडून. पण त्या दारात उभ्या असलेल्या विधवेला नाव नाही हे बघून मला क्रीट फार लांबचं वाटलं नाही.

'झोर्बा'ला तीन ऑस्करं मिळाली, त्यातलं एक लिला केद्रोवाला, जिनं म्हाताऱ्या फ्रेंच बाईचं काम केलं. छानच काम आहे ते, वादच नाही. पापासला नॉमिनेशनसुद्धा नाही, तेव्हाही नाही आणि नंतर आयुष्यात कधीच नाही. बोलणाऱ्याचे कुळीथ विकले जातात म्हणतात ना, ते असं. आणि आज लग्नाच्या हॉलात ती धून वाजते तेव्हा टाळ्या वाजवणाऱ्या कितीजणांना माहिती असेल की त्या सिनेमात एका बाईचा खून होतो आणि त्यानंतर लोक नाचतात?

हे एवढं वाचून वाटेल की हिच्या नशिबी मुकेच रोल. नाही ना! इथेच तर गंमत आहे. सिनेमावाले तिला गप्प ठेवत होते त्याच वर्षांत अडीच हजार वर्षांपूर्वीचे नाटककार तिला पानंच्या पानं बोलायला देत होते. 1961 मध्ये ती 'अँटिगनी' झाली, राजाचा हुकूम मोडून भावाला मूठमाती देणारी, समोर क्रेऑन राजाच्या कामात मानोस कात्राकिस. आणि 1962 मध्ये 'इलेक्ट्रा', दिग्दर्शक मिहालिस काकोयानिस, तोच 'झोर्बा'वाला, मूळचा सायप्रसचा.

'इलेक्ट्रा' ब्लॅक अँड व्हाइट आहे आणि तसाच असायला हवा. उघडे डोंगर, वारा, आणि काळ्या कपड्यातल्या खेडवळ बायांचा कोरस. मला ग्रीक ट्रॅजिडी म्हणजे चुण्यांचे पांढरे अंगरखे आणि संगमरवरी खांब असं काहीतरी वाटायचं, पुलंनी मराठीत आणलेल्या राजा ओयदिपौसमुळे थोडी ओळख होती एवढंच. हा सिनेमा बघताना वाटलं की अरे, ह्या तर पाण्याला निघालेल्या बाया आहेत, ह्यांच्या घरी आपण जाऊन आलोय. बापाचा खून झालाय, आईनं आणि तिच्या याराने मिळून केलेला, आणि राजकन्या इलेक्ट्राचं लग्न अपमान म्हणून एका गरीब शेतकऱ्याशी लावून दिलंय. ती स्वतःचे केस कापते तो सीन बघा. आणि मग भाऊ परत येतो, आणि इलेक्ट्रा त्याला आईला मारायला लावते. आई झोपडीत येते, मुलीशी बोलते, स्वतःची बाजू मांडायचा प्रयत्न करते, मुलगी ऐकून घेते पण तिचा निर्णय आधीच झालेला असतो. हा सिनेमा ऑस्करला परदेशी सिनेमांत नॉमिनेट झाला होता.

आता खरी गोष्ट पुढेच. काकोयानिसनं त्याच घराण्याच्या गोष्टीवर आणखी दोन सिनेमे केले, 1971 मध्ये 'ट्रोजन विमेन' आणि 1977 मध्ये 'इफिजेनिया'. तिन्हींत पापास आहे. पहिल्यात ती मुलगी इलेक्ट्रा. दुसऱ्यात हेलन, म्हणजे इलेक्ट्राची मावशी. आणि तिसऱ्यात क्लायटेम्नेस्ट्रा, म्हणजे ती आईच, जिला इलेक्ट्रानं मारवलं होतं.

पंधरा वर्षांत ती स्वतःच मारलेल्या आईच्या जागी येऊन उभी राहिली. हे मला कुठे वाचायला मिळालं नाही, म्हणजे कोणी ना कोणी लिहिलंच असेल, पण मला ते रात्री दीड वाजता 'इफिजेनिया'च्या मध्यावर एकदम कळलं आणि मी अंथरुणात उठून बसले. कारण 'इफिजेनिया'त कळतं की त्या आईनं नवऱ्याला का मारलं. ट्रॉयला निघालेलं आरमार वारा नाही म्हणून अडकून पडलंय, वारा यावा म्हणून देवीला राजाच्या मोठ्या मुलीचा बळी हवा, आणि बाप तो देतो, तेही लग्न ठरलंय असं खोटं सांगून पोरीला बोलावून घेऊन. आई नटूनथटून लेकीच्या लग्नाला म्हणून आलेली असते! तळ्याला पाणी लागावं म्हणून सुनेचा बळी दिल्याची गाणी आपल्याकडे बायकांनी पिढ्यान्पिढ्या म्हटली आहेत, त्यामुळे मला हे समजावून सांगायला कोणी लागलं नाही. शेवटी जहाजं निघतात, वारा सुटतो, आणि त्या वाऱ्यानं तिचे केस चेहऱ्यावर येतात आणि ती जाणाऱ्या जहाजांकडे बघत राहते. तो चेहरा बघितल्यावर मी दुसऱ्या दिवशी 'इलेक्ट्रा' परत लावला, आणि झोपडीत येणाऱ्या त्या आईचं बोलणं मला पहिल्यांदा ऐकू आलं. आधी मी मुलीच्याच बाजूनं होते ना. सुनेची सासू झाल्याशिवाय काही गोष्टी कळत नाहीत असं आमच्या आईचं म्हणणं, मी त्यावर आयुष्यभर वाद घातला आणि आता हा सिनेमा मध्येच येऊन आईच्या पार्टीत गेला.

मधली हेलन राहिली. 'ट्रोजन विमेन'मध्ये कॅथरीन हेपबर्न आहे, व्हनेसा रेडग्रेव्ह आहे, एकीपेक्षा एक नामवंत बायका, आणि युद्ध हरलेल्या त्या सगळ्या धुळीत तहानेनं तळमळतायत. हेलन एका लाकडी खोलीत कैद, सुरुवातीला फक्त फळ्यांच्या फटीतून तिचे डोळे दिसतात. ती पहारेकऱ्याकडून पाणी मिळवते. आणि त्या पाण्यानं अंघोळ करते. बाहेर बायका तहानलेल्या, आणि ही आत अंघोळ करतेय, आणि मग त्या बायका दगड उचलतात. इथेही दगड आहेत बघा. पण 'झोर्बा'च्या विधवेसारखी ही मरत नाही, ही बाहेर येते आणि आपला खटला स्वतः लढवते, वकिलासारखी, आणि जिंकते. त्या रोलसाठी तिला अमेरिकेतल्या नॅशनल बोर्ड ऑफ रिव्ह्यूचं बेस्ट अॅक्ट्रेस मिळालं.

तो सिनेमा ग्रीसमध्ये नाही, स्पेनमध्ये शूट झाला, कारण तेव्हा ग्रीसमध्ये लष्कराचं राज्य होतं. 21 एप्रिल 1967 ला कर्नल लोकांनी रणगाडे रस्त्यावर आणले आणि 1974 पर्यंत ते बसले ते बसलेच. पापास गप्प बसली नाही. तिनं जगातल्या कलावंतांना ग्रीसवर सांस्कृतिक बहिष्कार टाकायला सांगितलं, त्या सरकारला हिटलरी राज्याचा पुढचा अवतार म्हटलं, आणि मग अर्थातच घरी जायचा रस्ता बंद. रोम आणि न्यूयॉर्क इथे ती ती वर्षं राहिली. (आणि ग्रीक नाटकाचा सिनेमा करायला गेले कुठे, तर फ्रँकोच्या स्पेनमध्ये, तो काय कमी हुकूमशहा होता? पण पोटापाण्याच्या धंद्यात एवढा हिशोब कोणाला परवडतो.) दुसरी ग्रीक नटी मेलिना मर्कुरी, तिचंही तेच, तिनं तर पुढे देशात परत येऊन मंत्रिपद घेतलं. पापास त्या वाटेला गेली नाही.

1968 मध्ये इटलीच्या सरकारी टीव्हीवर, राईवर, 'ओडिसी' ही मालिका लागली, आठ भागांची. आपल्याकडे रामायणाला रस्ते ओस पडायचे, तिथेही ती अशीच घराघरांत बघितली गेली. प्रत्येक भागाच्या सुरुवातीला म्हातारे कवी उंगारेत्ती होमरच्या ओळी वाचायचे, टीव्हीवर, जेवणाच्या वेळेला, कल्पना करा. ओडिसियस झाला होता युगोस्लाव्हियाचा बेकिम फेहमिउ, आणि पेनेलोपी आयरीन पापास. पेनेलोपी म्हणजे घरी थांबलेली बाई. नवरा वीस वर्षं घराबाहेर, हिच्याभोवती लग्नाला टपलेल्यांचा गराडा, आणि ही दिवसा कापड विणते आणि रात्री उसवते. आता बघा, प्रत्यक्षात देशाबाहेर भटकत कोण होतं? हीच. घर अडलं होतं कोणाचं? हिचंच. आणि पडद्यावर ती इथाकाच्या घरात बसून दुसऱ्याच्या परत येण्याची वाट बघत होती. मालिका रंगीत शूट केलेली पण इटलीच्या टीव्हीवर तेव्हा रंग नव्हता, त्यामुळे लोकांनी ती काळीपांढरीच बघितली. यूट्यूबवर आता तुकडे रंगीत मिळतात. मला इटालियन येत नाही. ती मागाजवळ बसलेली असते तेव्हा गरजही पडत नाही.

आणि 1969 मध्ये 'झेड'. कोस्टा गावरासचा हा सिनेमा बऱ्याच जणांनी बघितला असेल. खासदार ग्रिगोरिस लांब्राकिसचा 1963 मध्ये थेसालोनिकीत झालेला खून, त्यावरून. शूटिंग अल्जियर्सला, आणि बेस्ट परदेशी सिनेमाचं ऑस्कर अल्जीरियाच्या नावावर. पापास झालीय मारल्या गेलेल्या नेत्याची बायको. परत विधवा. परत संवाद थोडेसेच. ती हॉटेलच्या खोलीत नवऱ्याच्या वस्तूंजवळ उभी राहते. शेवटी समुद्राजवळ तिला कोणी धावत येऊन सांगतं की मोठमोठ्या अधिकाऱ्यांवर आरोपपत्र लागलं, आपण जिंकलो, आणि तिचा चेहरा हलतसुद्धा नाही, कारण तिला माहितीये. पुढच्या दोन मिनिटांत आपल्यालाही कळतं की साक्षीदार मेले, अधिकारी सुटले, कर्नल आले. आणि मग त्या सरकारनं बंदी घातलेल्या गोष्टींची यादी पडद्यावर येते, लांब केस, मिनिस्कर्ट, थिओडोराकिसचं संगीत, झेड हे अक्षर, आणि त्यातच सोफोक्लिस आणि युरिपिडिस. म्हणजे अँटिगनी ज्याची तो, आणि इलेक्ट्रा, हेलन, इफिजेनिया ज्याच्या तो. हिचे सगळे शब्दच त्या यादीत.

आवाजाचं एक राहिलंच. 'अॅफ्रोडाइट्स चाइल्ड' नावाचा ग्रीक पोरांचा बँड होता, त्यात व्हँगेलिस होता, तोच तो पुढे 'चॅरियट्स ऑफ फायर' सिनेमाला संगीत देणारा. त्यांचा '666' हा अल्बम 1972 मध्ये आला, आणि यायला उशीर होण्याचं एक मोठं कारण पापास. त्यात एक गाणं आहे, गाणं कसलं, नाव म्हणून नुसती अनंताची खूण, आडवा आठ. मागे तालवाद्यं आणि त्यावर ती 'मी होते, मी आहे, मी येणार आहे' या अर्थाचं एकच वाक्य पुनःपुन्हा म्हणत जाते, कुजबुजीपासून किंचाळण्यापर्यंत, पाचेक मिनिटं. रेकॉर्ड कंपनीवाले घाबरले. मी हेडफोन लावून ऐकलं आणि खरं सांगते, शेजारणीनं बेल वाजवली तेव्हा दचकून उडालेच. ज्या बाईला सिनेमात बोलू देत नव्हते तिनं एकदाचं सगळं बाहेर काढलं असं मला वाटलं, आता हे माझं वाटणं, तिला तसं वाटलं असेलच असं नाही. पुढे 1979 मध्ये व्हँगेलिसबरोबरच तिनं ग्रीक लोकगीतांचा 'ओड्स' केला, तो शांतपणे ऐका, स्वयंपाक करतानासुद्धा चालतो.

एक गंमत सांगते मध्येच. ही इलेक्ट्रा करत होती त्याच्या आगेमागे ग्रीसमधली साधी माणसं रडायला कुठे जात होती माहितीये? हिंदी सिनेमाला! 'मदर इंडिया' तिथे धो धो चालला, नर्गिस घराघरांत पोचली. स्टेलियोस काझांझिदिस नावाच्या लाडक्या गायकानं 1959 मध्ये 'मांदुबाला' गाणं काढलं, मांदुबाला म्हणजे आपली मधुबाला, आणि चाल 'आवारा'तल्या 'आ जाओ तडपते हैं अरमां'ची. लताबाईंची चाल ग्रीक खानावळींत. म्हणजे पाच हजार किलोमीटरवर बसून मी आज त्यांच्या बाईसाठी रडतेय तर त्यांनी आधीच आपल्या बाईसाठी रडून उसनं ठेवलंय.

नंतरचं थोडक्यात. 'अॅन ऑफ द थाउजंड डेज'मध्ये टाकलेली राणी, इस्लामच्या सुरुवातीच्या काळावरच्या 'द मेसेज'मध्ये हिंद, ज्यात ती क्विनच्या हमजाला मारवते, 1983 च्या 'एरेंदिरा'मध्ये नातीला विकणारी राक्षसी आजी, तो रोल चुकवू नका, त्यात ती भयंकर आणि चक्क विनोदी आहे. क्विनबरोबर सहा सिनेमे झाले, अटिलापासून 'लायन ऑफ द डेझर्ट'पर्यंत. ब्रॉडवेवर 'मीडिया' हे जुनं ग्रीक नाटक केलं. सगळंच चांगलं नाही, बरंचसं पोटासाठी केलेलं दिसतं आणि तिथे ती डोळे मोठे करून वेळ मारून नेते, भक्त असले तरी एवढं मला दिसतं.

1997 मध्ये अमेरिकन टीव्हीवर परत 'ओडिसी' आली. पेनेलोपी आता ग्रेटा स्काकी. आणि पापास? ओडिसियसची आई. जी मुलाची वाट बघत मरते आणि मग त्याला पाताळात भेटते. 1968 ची बायको, 1997 ची आई, वाट तीच.

2018 मध्ये बातमी आली की तिला अल्झायमर आहे आणि काही वर्षांपासून आहे. 14 सप्टेंबर 2022 ला ती गेली, हिलिओमोदीतच, आणि तिथेच पुरलं तिला. जगभर फिरून त्याच कॉरिंथजवळच्या गावात.

सगळ्यात शेवटी मी बघितला तो 2003 चा पोर्तुगीज सिनेमा, मानोएल द ओलिव्हेराचा 'अ टॉकिंग पिक्चर'. एक इतिहासाची प्राध्यापिका आपल्या छोट्या मुलीला घेऊन जहाजानं निघते, लिस्बनहून, वाटेत मार्सेय, नेपल्स, अथेन्स, इजिप्त बघत बघत, आणि जायचंय कुठे तर मुंबईला. खरंच, मुंबईला, मुलीचा बाबा तिथे येणार असतो. त्याच जहाजावर कॅप्टनच्या टेबलाशी तीन नामांकित बायका जेवायला बसतात, कॅथरीन दनव फ्रेंच बोलते, स्टेफानिया सांद्रेली इटालियन, जॉन माल्कोविच कॅप्टन, तो इंग्लिश, आणि इरीनी ग्रीक, ज्याची त्याची भाषा आणि तरी सगळ्यांना सगळं कळतंय. मग सगळे तिला गायचा आग्रह करतात. ती उठते. वय झालंय, अंग भरलंय, भुवया त्याच. एक जुनं ग्रीक लोकगीत, साथीला काही नाही. माझ्या कॉपीत त्या गाण्याला सबटायटल नव्हते.

त्याच रात्री जहाजावर बॉम्ब असल्याचं कळतं. ते मी आधी वाचलेलं होतं. म्हणून गाणं चालू असतानाच लॅपटॉप मिटला, मुंबई अजून बरीच लांब होती.